मापात पाप

खोटे बोलणारी माणसे मी पुष्कळ पाहिली आहेत. त्यांतली बरीचशी माझे विद्यार्थीच होती, त्यामुळे त्यांच्या कलेचा आरंभकाळही मला ठाऊक आहे. माणसाचे खोटे ओळखायला फारशी विद्या लागत नाही. नजर हलते, आवाज एक पट्टी वर चढतो, आणि कुणी मागितलेली नसताना आईची शपथ पुढे येते. पण वस्तू खोटे बोलू लागली म्हणजे काय करावे? तिला नजर नाही, आवाज नाही, लाज तर नाहीच नाही. दहा वेळा विचारा, ती दहा वेळा तेच शांतपणे सांगते. करंगळीच्या नखाएवढे एक मेमरी कार्ड टेबलावर पडलेले असते. 'माझ्या पोटात एकशे अठ्ठावीस जीबी मावतात' असे ते संगणकाला सांगते, आणि संगणक ते मुकाट्याने मान्य करतो. प्रत्यक्षात त्याच्या पोटात मावतात आठ!

मी उभा जन्म शाळेत गणित शिकवले. आता कसाऱ्याला स्टेशनजवळ माझ्या पुतण्याचे छोटेसे दुकान आहे, तिथे सकाळच्या वेळी बसतो. मोबाईलची कव्हरे, चार्जर, झेरॉक्स, फोटो, ऑनलाइन अर्ज, असा सगळा संसार दहा बाय बाराच्या जागेत मांडलेला आहे. पुतण्याने मला गल्ल्यावर बसू दिले नाही, कारण मी उधारी नाकारू शकत नाही हे त्याला माहीत आहे. त्याने मला एक जुना संगणक आणि एक खुर्ची दिली. त्या खुर्चीवर बसून मी लोकांची कार्डे आणि पेनड्राइव्ह तपासतो. म्हातारपणी माणसाला काहीतरी व्यसन लागते. मला हे लागले.

तसे पाहिले तर व्यसन जुनेच आहे. माझ्या लहानपणी शाळेच्या पुस्तकात लिटर आणि किलो आले होते. वजनमापांचा कायदा १९५६ साली झाला आणि १९५८ च्या ऑक्टोबरपासून मेट्रिक वजने हळूहळू बाजारात आली. पण आमच्या खळ्यावर त्यानंतरही कित्येक वर्षे पायलीच चाले. चिपटे, मापटे, शेर, पायली. भात मोजणारा माणूस पहिल्या मापाला 'एक' न म्हणता 'लाभ' म्हणायचा, आणि माझे आजोबा मात्र त्या लाभाकडे डोळे बारीक करून पाहायचे. कारण त्यांच्या आठवणीत दोन पायल्या होत्या. सावकाराच्या घरी भात घालायचा तो एका पायलीने, आणि आषाढात खावटी आणायची ती दुसऱ्या पायलीने. घ्यायच्या पायलीला शीग लागायची आणि द्यायच्या पायलीवरून हात सपाट फिरायचा. एवढ्यानेही भागले नाही तर द्यायच्या पायलीचा तळ आतून दोन बोटे उचललेला असायचा. बाहेरून पाहाल तर दोन्ही सारख्या, एकाच सुताराच्या हातच्या. आजोबा म्हणायचे, “पायली बाहेरून बघायची नसते. हात आत घालायचा असतो.”

मेमरी कार्डाच्या आत हात घालता येत नाही, हीच सगळी अडचण आहे.

आमच्या भागात या कार्डांचे महत्त्व शहरातल्या माणसाला चटकन कळणार नाही. कसारा म्हणजे मुंबईच्या लोकलचे शेवटचे टोक. इथून पुढे घाट. पहाटेच्या गाडीने मुंबईला जाणारा माणूस जाऊन येऊन पाच तास गाडीत काढतो. स्टेशनापासून चार डोंगर आत गेले की मोबाईलची रेघ एकदा दिसते, दोनदा जाते. स्वस्त इंटरनेट २०१६ नंतर आले. त्याच्या आधी तर गाणी, सिनेमे, कीर्तने, भारुडे सगळे या कार्डावरूनच पाड्यांपर्यंत पोचायचे. दुकानदाराला दहावीस रुपये दिले की तो 'कार्ड भरून' द्यायचा. आजही लग्नाचे चित्रण, बारशाचे फोटो, भजनी मंडळाचे ध्वनिमुद्रण, आश्रमशाळेच्या स्नेहसंमेलनाचा नाच हे सारे कुठल्या तरी कार्डावर नाहीतर पेनड्राइव्हवर असते, आणि ते कार्ड देव्हाऱ्याच्या डबीत कुंकवाशेजारी ठेवलेले असते. पूर्वी त्या डबीत मंगळसूत्राचे तुटलेले मणी असत. आता त्यांच्या जोडीला हे आले.

हे कार्ड खोटे कसे बोलते, ते थोडे समजून घेतले पाहिजे. ज्या चिपेवर माहिती साठते तिला फ्लॅश म्हणतात. तोशिबा कंपनीतील फुजिओ मासुओका या जपानी संशोधकाने ती १९८४ साली जगापुढे मांडली. तिच्यावरची माहिती एका झटक्यात पुसता येते, म्हणून कॅमेऱ्याच्या फ्लॅशवरून तिला हे नाव पडले. पहिले पेनड्राइव्ह २००० साली बाजारात आले तेव्हा त्यांत आठ एमबी मावत, आणि लोक त्याचे कौतुक करीत, कारण फ्लॉपीत दीड एमबीसुद्धा मावत नव्हते. पुढे पोट वाढत गेले. १ टेराबाइटचे, म्हणजे एक हजार जीबीचे, नखाएवढे कार्ड २०१९ साली जाहीर झाले.

या चिपेत एक स्वभावदोष असतो. तिच्यातले काही कप्पे पहिल्या दिवसापासून नादुरुस्त असतात आणि काही वापरून वापरून झिजतात. म्हणून प्रत्येक कार्डात चिपेच्या सोबतीला एक अगदी लहान संगणक बसवलेला असतो. त्याला कंट्रोलर म्हणतात. आपण कारभारी म्हणू. वाईट कप्पे टाळायचे, चुका सावरायच्या आणि बाहेर मात्र 'सर्व काही ठीक आहे' असे सांगायचे, हे त्या कारभाऱ्याचे काम. आपला फोन चिपेशी कधीच बोलत नाही, तो कारभाऱ्याशी बोलतो. अँड्र्यू हुआंग आणि शॉन क्रॉस या दोघांनी २०१३ च्या डिसेंबरात हॅम्बुर्गच्या एका परिषदेत हा कारभारी उघडा करून दाखवला आणि बाहेरून आज्ञा देऊन त्याला आपल्या मनाप्रमाणे वागायला लावता येते हे सिद्ध केले. हुआंग यांनी त्याआधी २०१० साली चीनमधल्या शेन्झेनच्या बाजारात हिंडून बनावट कार्डांचा माग काढला होता.

मला या गोष्टीत एक विलक्षण गंमत वाटते. घरातले उणे झाकून बाहेर नीटनेटके दाखवणे ही कारभाऱ्याची प्रामाणिक नोकरी आहे. तेवढे त्याने केले नाही तर चांगले कार्डही चालणार नाही. फसवणाऱ्याने नवे काही शोधून काढलेले नाही. त्याने त्याच कारभाऱ्याला एक आकडा बदलून दिला. 'विचारले तर आठ न सांगता एकशे अठ्ठावीस सांग.' बस्स. झाकण्याची परवानगी एकदा दिली की किती झाकायचे याला मर्यादा राहत नाही, हे केवळ कार्डांच्याच बाबतीत खरे आहे असे नाही.

मग आठ जीबीच्या पुढे जे लिहायला दिले त्याचे काय होते? दोन प्रकार आहेत. काही कार्डे ते सरळ टाकून देतात आणि 'लिहिले' म्हणून सांगतात. काही कार्डे पुन्हा पहिल्या पानापासून लिहू लागतात, म्हणजे नव्या माहितीखाली जुनी गाडली जाते. पण खरा कपटीपणा पुढेच आहे. कुठली फाइल कोणत्या नावाची, केवढी, कोणत्या तारखेची, याची यादी कार्डाच्या अगदी आरंभी असते, आणि आरंभीची जागा खरी असते. त्यामुळे यादी बहुधा शाबूत राहते. नाव दिसते, आकार दिसतो, तारीख दिसते. उघडायला जावे तर आत काही नाही. सातबाऱ्यावर दोन एकर जमीन आहे, आणि जागेवर जाऊन पाहावे तर नदीचे पात्र!

आता ओळखायचे कसे? लोक मला पहिल्यांदा विचारतात ते वेष्टनाबद्दल. छपाई पुसट आहे का, स्पेलिंग चुकले आहे का, अक्षर वाकडे आहे का? मी सांगतो, छपाई चांगली करायला फार पैसे पडत नाहीत. जो आतले माप बदलतो त्याला बाहेरचा रंग जमणार नाही असे का मानावे? किंमत मात्र पुष्कळ काही सांगते. दोन टेराबाइटचा पेनड्राइव्ह चारशे रुपयांत मिळत असेल तर तो आपल्याशी बोलतच आहे. ऐकायचे की नाही हा आपला प्रश्न. पण योग्य किमतीलाही बनावट कार्ड गळ्यात पडू शकते, म्हणून किमतीवर सर्व भिस्त ठेवता येत नाही.

उलट काही लोक चांगल्या कार्डावरही आळ घेतात. “सर, कार्ड चौसष्टचं आहे आणि संगणक साडेएकोणसाठ दाखवतो. साडेचार खाल्ले!” असे म्हणत एक गृहस्थ माझ्याकडे तावातावाने आले होते. त्यांना मी शेराची गोष्ट सांगितली. जुना ऐंशी तोळ्यांचा शेर म्हणजे ९३३ ग्रॅम. किलो आला तेव्हा शेराच्या हिशेबाने विचार करणाऱ्याला किलो जास्त वाटे आणि किलोच्या हिशेबाने पाहणाऱ्याला शेर कमी वाटे. त्यात लबाडी कुणाचीच नव्हती, मापेच दोन होती. इथेही तसेच आहे. कार्ड बनवणारा दहाच्या पटीत मोजतो. त्याचा जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट. विंडोजचा संगणक दोनाच्या पटीत मोजतो. त्याचा जीबी म्हणजे १०७ कोटी ३७ लाखांहून थोडे अधिक. म्हणून चौसष्टचे ५९.६ दिसतात, बत्तीसचे २९.८ आणि सोळाचे १४.९. ही तूट प्रामाणिक आहे. गंमत अशी की बनावट कार्डही हीच प्रामाणिक तूट जशीच्या तशी दाखवते. लबाडाला शिष्टाचार पाठ असतात.

खरी परीक्षा एकच आहे, आणि ती आमच्या तालुक्यातल्या बायकांना कुठल्याही पुस्तकाशिवाय ठाऊक आहे. शहापूर तालुक्यात तानसा आहे, भातसा आहे, वैतरणेचे पाणी आहे. तानसाचे पाणी १८९२ पासून मुंबई पिते आहे. आणि दर उन्हाळ्यात याच तालुक्यातल्या गावांना टँकरची वाट पाहावी लागते. टँकरवर लिहिलेले असते 'दहा हजार लिटर'. पाड्यावरच्या बाया ते अक्षर वाचत बसत नाहीत. पंधरा लिटरचा हंडा धरला तर साडेसहाशेच्या वर हंडे निघायला हवेत. चारशेलाच नळी घरघर करू लागली की त्यांना काय ते कळते. पात्राच्या पोटावर काय लिहिले आहे याला अर्थ नाही. त्यातून किती निघाले याला अर्थ आहे.

कार्डाचेही तसेच. काठोकाठ भरायचे, आणि मग भरलेले सगळे परत काढून ताडून पाहायचे. यासाठी फुकट मिळणारे कार्यक्रम आहेत. 'सी-टी' या जर्मन संगणक-नियतकालिकाच्या घरातून आलेला 'एच-टू-टेस्ट-डब्ल्यू' हा विंडोजवर चालतो आणि 'एफ-थ्री' हा लिनक्सवर. दोघांची रीत एकच: एकेक जीबीच्या फाइली लिहीत कार्ड भरायचे आणि मग पहिल्यापासून वाचून काढायचे. एवढ्यात एक बारकावा आहे, आणि गणिताच्या शिक्षकाला तो फार आवडतो. भरताना सगळीकडे एकच मजकूर लिहून चालत नाही. समजा एका मुलाकडे आठच पानांची वही आहे आणि तो सांगतो चौसष्ट पानांची. मी त्याला प्रत्येक पानावर 'श्री' लिहायला सांगितले. आठ पाने संपली की तो पुन्हा पहिल्या पानावर 'श्री' लिहील. मी म्हणेन, पन्नासावे पान दाखव. तो दुसरेच पान उघडून दाखवील. त्यावर 'श्री' आहेच! मी फसलो. म्हणून प्रत्येक पानावर त्या पानाचा स्वतःचा वेगळा आकडा लिहायला लावायचा. मग पन्नासावे पान मागितल्यावर त्यावर पन्नासच दिसले पाहिजेत. अठ्ठावन्न दिसले तर वही आठच पानांची आहे हे त्याच्याच अक्षरात लिहिलेले सापडते.

दुसरी गोष्ट, चाखून पाहण्याची परीक्षा इथे निरुपयोगी आहे. भाताची परीक्षा शितावरून होते. कार्डाची होत नाही. चार फोटो टाकून उघडून पाहिले आणि दिसले, म्हणून लोक समाधानाने घरी जातात. ते फोटो पहिल्या खऱ्या जागेतच गेलेले असतात. शिवाय नुकतेच लिहिलेले संगणक आपल्या डोक्यातूनच पुन्हा दाखवू शकतो. म्हणून कार्ड एकदा बाहेर काढून, परत लावून मगच वाचावे. आणि ज्या कार्डावर आधीच काही जपून ठेवलेले आहे त्याची परीक्षा करण्यापूर्वी ते सारे दुसरीकडे उतरवून घ्यावे. नाहीतर परीक्षेचे आकडेच आतल्या मजकुरावर लिहिले जायचे.

यात वेळ जातो हे खरे. चौसष्ट जीबीचे कार्ड दर सेकंदाला दहा एमबी या वेगाने भरायला पावणेदोन तास लागतात आणि दुप्पट वेगाने वाचायला आणखी सुमारे एक तास. लोकांना एवढा धीर नसतो. “गुरुजी, चालतंय ना? मग द्या!” असे म्हणून ते लोकलकडे धावतात. त्यांना थोपवायला मला घाटाचा उपयोग होतो.

आमच्या गावाची सगळी प्रतिष्ठा घाटामुळे आहे. थळ घाटातून रेल्वे १८६५ साली सुरू झाली. सदतिसास एक असा तो चढ. वर इगतपुरीकडे जाणाऱ्या गाडीला कसाऱ्याला मागून बँकर इंजिने जोडतात आणि ती रेटीत तिला वर नेतात. हे सगळ्यांना दिसते. पण खाली उतरणाऱ्या गाडीसाठी काय केलेले आहे ते फार थोड्यांच्या ध्यानात येते. घाटात मूळ मार्गापासून फुटून उलट चढावर जाणारे रूळ आहेत. त्यांना कॅच सायडिंग म्हणतात. सांधा एरवी त्या चढाच्याच दिशेला लागलेला असतो. उतरणाऱ्या गाडीने त्याच्या अलीकडे येऊन पुरते थांबायचे. थांबली म्हणजे ब्रेक शाबूत आहेत हे सिद्ध झाले. मगच तिच्यासाठी मूळ मार्गाचा सांधा लागतो. नाही थांबली तर ती चढावर जाऊन आपोआप हतबल होते आणि खालची माणसे वाचतात. चालक तीस वर्षांचा मुरलेला असो, इंजिन नवेकोरे असो, मागच्याच स्टेशनात ब्रेक तपासलेले असोत, घाट कुणाच्या शब्दावर गाडी सोडत नाही. आणि चालकालाही त्यात अपमान वाटत नाही. रेल्वेतल्या माणसांना मी एवढे सांगितले की ती कार्ड ठेवून जातात आणि संध्याकाळच्या गाडीने येऊन घेऊन जातात.

हे सगळे मी हसत हसत सांगतो आहे खरा. पण या विषयाने माझे हसू एकदा पार घालवले होते.

विहीगावच्या बाजूच्या एका पाड्यावरची मुलगी, शहापूरला कॉलेजात शिकणारी. तिची आजी लग्नातली गाणी म्हणायची. आसपासच्या सात-आठ पाड्यांत लग्न निघाले की म्हातारीला बोलावणे यायचे, मांडव घालण्यापासून हळद उतरण्यापर्यंत प्रत्येक विधीला तिचे वेगळे गाणे होते. अक्षरओळख नाही, कागदावर एक ओळ नाही. नातीने वर्षभर सुटीसुटीला आजीला ओट्यावर बसवून मोबाईलवर ती गाणी चित्रित केली. मोबाईल भरत आला की ती फाइली कार्डावर सरकवायची आणि मोबाईलमधून पुसून टाकायची, कारण त्या मोबाईलमध्ये जागाच थोडी. कार्ड चौसष्टचे होते, भावाने मुंबईहून येताना कुठल्याशा फेरीवाल्याकडून तिच्यासाठी मुद्दाम आणलेले. श्रावणात म्हातारी गेली. दिवस-कार्य झाल्यावर घरच्यांना आवाज ऐकवावा म्हणून तिने कार्ड उघडले.

ती आली तेव्हा मी आधी त्या कार्डाला हात न लावता त्याची जशीच्या तशी नक्कल संगणकावर उतरवून घेतली. मग एकेक फाइल उघडली. यादीत त्रेसष्ट नावे होती. पहिल्या सतरा फाइली सुरेख उघडल्या. म्हातारी पदर सावरते आहे, नातीला 'चालू झालं का गं तुझं?' म्हणून विचारते आहे, मागे कोंबडी ओरडते आहे. अठरावी अर्ध्यावर थांबली. पुढच्या एकीतही काही नव्हते. पहिल्या प्रकारचे कार्ड होते ते, पुढचे टाकून देणारे. पोट आठाचे.

“सर, नावं दिसतायत की सगळी. साइज पण दिसतोय. मग गाणी गेली कुठं?”

या प्रश्नाचे उत्तर द्यायला मला बराच वेळ लागला. कुठे गेली म्हटले म्हणजे ती तिथे होती असा अर्थ होतो. आणि असतील तर शोधता येतील अशी आशा राहते. शहरातल्या दुकानात नेले तर पुसलेले परत काढून देतात हे तिने ऐकले होते. पुसलेले निघते, ते खरे आहे. “बाई, ती गेली नाहीत,” मी म्हणालो, “ती तिथं लिहिलीच गेली नव्हती.” तिच्या भावाने तिथल्या तिथे मान खाली घातली. त्याने आपल्या मजुरीतले पैसे घालून बहिणीसाठी सगळ्यांत मोठे कार्ड आणले होते. त्याच्याकडे पावती नव्हती, विकणाऱ्याचा चेहराही आठवत नव्हता. आणि त्या विकणाऱ्याला तरी आतले माप ठाऊक होते की नाही, देव जाणे.

त्या दिवशी मला आजोबांची पायली फार आठवली. उचललेल्या तळाची पायली घरी आणली की संध्याकाळी चुलीपाशी तूट उघडी पडायची. आजी म्हणायची, भात कमी आहे; आजोबा दुसऱ्या दिवशी सावकाराच्या दारात उभे राहायचे, भांडून काही हाती लागो वा न लागो. या नव्या पापाची रीत निराळी आहे. माप खोटे आहे हे इथे घेतल्याच्या दिवशी कळत नाही, भरल्याच्या दिवशी कळत नाही. ज्या दिवशी मागायला जावे त्या दिवशी कळते, आणि तोवर ज्याच्याकडून पुन्हा घ्यायचे ते माणूस निघून गेलेले असते. सावकाराने भात नेला. याने काय नेले, ते कोणत्या मापाने मोजायचे?

यादी मात्र मी तिला कागदावर छापून दिली. तिने प्रत्येक फाइलला गाण्याच्या पहिल्या दोन-तीन शब्दांचे नाव दिले होते. खोटारड्या कार्डाने जपलेली ती नावे, एवढीच काय ती त्याची पुण्याई. ती यादी घेऊन ती आपल्या मावशीकडे गेली, मग आजीच्या मागे झिलकरी धरणाऱ्या दोन म्हाताऱ्यांकडे गेली. शब्द वाचून दाखवला की एखादीला पुढची ओळ आठवे, दुसरी चाल सांगे, तिसरी म्हणे 'असं नाही गं, तुझी आजी असं म्हणायची.' शेचाळीसपैकी एकवीस गाणी अशी जुळली. बाकीच्यांची पहिले दोन शब्दच उरले आहेत. तिने ती यादी फेकलेली नाही. कुठे लग्नाला गेली की ती पर्समधून काढून मांडवातल्या म्हाताऱ्यांना विचारते.

एकवीस गाणी आता तीन ठिकाणी आहेत: आमच्या दुकानातल्या संगणकावर, तिच्या कॉलेजातल्या एका प्राध्यापिकेकडे आणि एका कार्डावर. ते कार्ड रात्रभर परीक्षेला बसून मगच पास झालेले आहे. तीन ठिकाणी का, असे तिने विचारले नाही. मूळ प्रत पुसण्यापूर्वी नवी प्रत उघडून, अखेरपर्यंत चालवून पाहायची, हेही तिला आता कुणी सांगायला नको.

कायदा काय करतो, असे कुणी विचारील. वजनमापांचा नवा कायदा २००९ सालचा आहे, ग्राहकसंरक्षणाचा २०१९ चा. १९१५ या क्रमांकावर फोन करून ग्राहकाला तक्रार नोंदवता येते. पावती घेतलेली असेल तर दाद मागायला पाय टेकायला जागा असते, म्हणून पन्नास रुपये जास्त पडले तरी पावती देणाऱ्या दुकानातूनच घ्या, असे मी सांगतो. पण किराणा दुकानातल्या वजनांवर शिक्का मारायला निरीक्षक येतो, तसा प्रत्येक कार्डातल्या जीबीवर शिक्का मारायला कुणी येणार नाही. हे माप ज्याचे त्यानेच तपासायचे आहे. पुतण्याने दुकानात एक नियम केला आहे: विकत घेतलेले कार्ड तपासल्याशिवाय गिऱ्हाइकाच्या हाती द्यायचे नाही, आणि दुसरीकडून आणलेले कुणी तपासायला दिले तर त्याचे पैसे घ्यायचे नाहीत. धंद्याच्या दृष्टीने यात फायदा किती, हे मी त्याला विचारलेले नाही. गणिताच्या शिक्षकाने प्रत्येक ठिकाणी गणित करू नये.

आता दिवाळी झाली की तुळशीचे लग्न लागेल आणि पाड्यापाड्यांवर मांडव पडू लागतील. कार्डांची गर्दी त्याच सुमाराला होते. तुमच्याही घरात एखादे नवे कार्ड किंवा पेनड्राइव्ह आलेला असेल, कुणी प्रेमाने भेट म्हणून दिलेला असेल. त्यावर काही ठेवण्याआधी एक रात्र त्याला परीक्षेला बसवा. देणाऱ्याला वाईट वाटणार नाही. आणि वाटले, तर त्याला आमच्या घाटातल्या गाडीची गोष्ट सांगा.